पाचवं नाव: बांधावरचा खुनी हल्ला आणि अटकपूर्व जामीन

'थोरल्याने हातातील कोयत्याने डोक्यात वार केला, धाकट्याने लोखंडी पाईपने उजव्या हातावर मारले व इतर तिघांनी लाथाबुक्क्यांनी मारहाण करून शिवीगाळ, दमदाटी केली.'

फिर्यादीतलं हे एक वाक्य. महाराष्ट्रातल्या कुठल्याही पोलीस ठाण्यात मारामारीची फिर्याद काढून वाचा, 'लाथाबुक्क्यांनी मारहाण करून शिवीगाळ, दमदाटी केली' ही ओळ सापडणारच. पण 'व इतर तिघांनी' या तीन शब्दांमुळे एका घरातली तीन माणसं जन्मठेपेपर्यंत शिक्षा असलेल्या गुन्ह्यात आरोपी झाली होती. त्या घराच्या बाजूने मी वकील होतो. ओळख पटू नये म्हणून गाव आणि नावं गाळली आहेत. सोलापूर जिल्ह्यातलं गाव आहे एवढं सांगतो.

भांडण भावकीतलं, सामाईक बांधावरून. रब्बी ज्वारीच्या पेरणीआधी थोरल्याने रोटा मारून घेतला आणि ट्रॅक्टरवाल्याने बांध फूटभर कोरला, ही शेजारच्या चुलतभावाची तक्रार. संध्याकाळी साडेसहाच्या सुमारास चुलतभाऊ बांधावर विचारायला आला. आधी शब्द, मग झटापट, मग कोयता. चुलतभावाला ग्रामीण रुग्णालयात आणि तिथून रात्रीच सोलापूरला हलवलं. दुसऱ्या दिवशी दुपारी चारला त्याच्या सख्ख्या भावाने फिर्याद दिली. आरोपी पाच: थोरला आणि धाकटा हे दोघे भाऊ, त्यांचा अडुसष्ट वर्षांचा बाप, थोरल्याची बायको आणि थोरल्याचा पुण्यात शिकणारा वीस वर्षांचा मुलगा.

कलमं भारतीय न्याय संहितेची. 109 म्हणजे खुनाचा प्रयत्न, जुन्या भारतीय दंड संहितेतलं 307. 118(2) म्हणजे घातक हत्याराने गंभीर दुखापत, जुनं 326. जोडीला 189, 190, 191, म्हणजे बेकायदा जमाव आणि दंगल. 109 मध्ये दुखापत झाली असेल तर शिक्षा जन्मठेपेपर्यंत जाते. 118(2) मध्येही जन्मठेप आहे आणि जुन्या 326 मध्ये नसलेली किमान एक वर्षाची शिक्षा नव्याने आली आहे. सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यांत अटकेऐवजी आधी नोटीस द्यायची, हे अर्नेश कुमार निकालाचं (2014) कवच इथे कामाचं नाही.

बेकायदा जमावाला किमान पाच माणसं लागतात. चार असतील तर 189 लागत नाही आणि त्यावर उभं असलेलं 190 ही लागत नाही. 190 लागलं की जमावातल्या एकाने समान उद्दिष्टासाठी केलेल्या गुन्ह्याला जमावातला प्रत्येक जण जबाबदार ठरतो, हातात काठीसुद्धा नसली तरी. या फिर्यादीत पाचवं नाव त्या मुलाचं होतं. मुद्दाम घातलं होतं का? मला तसं वाटत नाही. भाऊ दवाखान्यात रक्तबंबाळ पडलेला असताना माणसाला समोरचं अख्खं घर मारेकरी वाटतं, आणि लिहून घेणाराही 'अजून कोण होतं' असं विचारतच राहतो. पण कायद्याच्या गणितात त्या एका नावाने सगळ्यांचं ओझं वाढलं.

गुन्हा दाखल झाल्यावर तिसऱ्या दिवशी म्हातारा माझ्या ऑफिसात आला. दोन्ही मुलं पाहुण्यांकडे लपलेली, सून माहेरी, पोलीस रात्री दोनदा घरी येऊन गेलेले. खुर्चीच्या कडेवर बसून तो म्हणाला, "साहेब, समद्यांचा एकच अर्ज टाका. घर एक हाय, अर्ज बी एकच पायजे."

ही मागणी मी शंभरदा ऐकली आहे. त्यामागे खर्चाचा विचार असतो, पण त्याहून जास्त घर फुटल्यासारखं दिसू नये ही धडपड असते. तरीही मी नाही म्हणालो. मारहाणीच्या गंभीर गुन्ह्यात एकत्र अर्ज केला की कोयतेवाल्याची सावली सगळ्यांवर पडते. न्यायाधीश पहिल्या पानावर डोक्यातल्या वाराचं वर्णन वाचतात आणि पुढची चार नावं त्याच उजेडात दिसतात. उलट प्रत्येकाची भूमिका वेगळी मांडली की न्यायालयाला 'हा माणूस, हे हत्यार, ही जखम' असा ताळा लावता येतो.

हे माझं एकट्याचं शहाणपण नाही. सिद्धाराम सातलिंगप्पा म्हेत्रे विरुद्ध महाराष्ट्र राज्य हा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर 2010 चा निकाल सोलापूर जिल्ह्यातल्याच, निवडणुकीतल्या हिंसाचारातून आलेल्या प्रकरणातला. अटकपूर्व जामीन देताना काय काय पाहावं हे त्यात विस्ताराने आलं आहे. आरोपीची नेमकी भूमिका काय ते समजून घ्या, आणि कलम 34 किंवा 149 च्या आधाराने गोवलेल्या आरोपींबाबत अधिकच काळजी घ्या, कारण अशा गुन्ह्यांत जास्तीची नावं गोवली जातात हे सर्वांना ठाऊक आहे, असं त्यात स्पष्ट म्हटलं आहे. 34 आणि 149 आता न्याय संहितेत 3(5) आणि 190 झाले आहेत. आकडे बदलले, गावातली रीत तीच आहे.

म्हणून अर्ज चार झाले. बाप आणि सून यांचा एक, मुलाचा वेगळा, धाकट्याचा वेगळा, थोरल्याचा वेगळा. अर्ज नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 482 खाली, जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं 438. सत्र न्यायालय आणि उच्च न्यायालय दोघांनाही हा अधिकार आहे, पण रिवाजाने आधी सत्र न्यायालयातच जायचं.

थोरल्याच्या अर्जाबद्दल मला तेव्हाच शंका होती. त्याला फोनवर सांगितलंही होतं की तुझ्या हातात कोयता होता असं फिर्यादीत आहे आणि जखम त्याला जुळते. तू ठाण्यात हजर हो, आपण नियमित जामिनासाठी लढू. तो ऐकेना, बापानेही हट्ट धरला आणि मी अर्ज दाखल केला. ती माझी चूक झाली. अर्ज फेटाळताना न्यायालय जी प्रथमदर्शनी निरीक्षणं नोंदवतं, ती पुढे नियमित जामिनाच्या वेळी सरकारी वकील वाचून दाखवतात. शिवाय लपून काढलेला प्रत्येक दिवस माणसाच्या विरुद्ध मोजला जातो. एकदा फरारी म्हणून जाहीरनामा निघाला की सर्वसाधारणपणे अटकपूर्व जामीन मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्ये लवेश प्रकरणात आणि 2021 मध्ये प्रेम शंकर प्रसाद प्रकरणात सांगितलं आहे. आपल्याकडे अजून तिथपर्यंत गेलं नव्हतं, पण वाट तीच होती.

अर्ज लिहिण्याआधी मी जखमेचा दाखला मिळवला. या प्रकारच्या गुन्ह्यात फिर्यादीपेक्षा तो कागद मला जास्त बोलका वाटतो. त्यात तीन ओळी होत्या. डोक्याच्या डाव्या बाजूला सात सेंटिमीटर लांब, हाडापर्यंत खोल, धारदार हत्याराची जखम आणि खाली कवटीला रेषेसारखा तडा. उजव्या हाताच्या कोपराखालच्या दोन हाडांपैकी करंगळीच्या बाजूचं हाड मोडलेलं, बोथट हत्याराने. पाठीवर खरचटल्याची खूण. हात वर करून मार अडवताना असंच हाड मोडतं, म्हणजे दुसरा फटका बसला तेव्हा जखमी स्वतःला वाचवत होता. हाड मोडणं ही कलम 116 प्रमाणे गंभीर दुखापतच. मारणारे पाच, मार तीन ठिकाणी, त्यातले दोन मार कोणाचे ते फिर्यादच सांगते. लाथाबुक्क्यांचा म्हणून हिशोब करायचा तर पाठीवरचं खरचटणं उरतं, तेही जमिनीवर पडूनही होऊ शकणारं.

त्याच कागदाच्या डोक्यावर, ग्रामीण रुग्णालयातल्या डॉक्टरने रात्री सव्वाआठला लिहिलेली एक ओळ होती: सोबतच्या भावाच्या सांगण्यानुसार दोन इसमांनी शेतात मारहाण केली. हा भाऊ म्हणजे दुसऱ्या दिवशीचा फिर्यादी. रात्री दोन, दुसऱ्या दिवशी पाच.

या ओळीला किती वजन द्यायचं हे समजून घ्यायला हवं. डॉक्टर तपास अधिकारी नसतो, त्याला जखम शिवायची असते. घाबरलेला नातेवाईक जे तोंडात येईल ते सांगतो, आणि पुढे खटल्यात ही ओळ फिर्याद मोडून काढेल असं कोणी धरून चालू नये. पण अटकपूर्व जामिनाच्या टप्प्यावर, उरलेल्या तिघांच्या भूमिकेबद्दल शंका घ्यायला जागा आहे एवढं दाखवायला ती पुरेशी होती.

फिर्याद एकवीस-बावीस तास उशिरा दिली, हा मुद्दा घ्या असं माझा ज्युनियर म्हणत होता. मी तो रेटला नाही. सख्खा भाऊ ऑपरेशन थिएटरच्या दारात असताना माणूस ठाण्यात का गेला नाही, असं विचारणं मला पटत नाही. न्यायालयालाही ते रुचत नाही.

सुनेच्या अर्जात मी आणखी एक गोष्ट मुद्दाम केली. 'अर्जदाराचा घटनेशी काहीही संबंध नाही' हे ठरलेलं वाक्य लिहिलं नाही. ती तिथे होती. आरडाओरडा ऐकून गोठ्यातून धावत बांधावर गेली होती आणि शेजारच्या शेतकऱ्याने तिला पाहिलं होतं. आम्ही अर्जातच लिहिलं की ती हजर होती, भांडण सोडवायला गेली होती, तिच्या हातात काही नव्हतं. हजर नव्हती म्हटलं असतं आणि शेजाऱ्याचा जबाब पुढे आला असता, तर बापाचा अर्जही तिच्यासोबत बुडाला असता.

पहिल्याच तारखेला बाप, सून आणि मुलगा यांना अंतरिम संरक्षण मिळालं. दोघा भावांना मिळालं नाही. तपास अधिकाऱ्याचा 'से', म्हणजे अर्जावरचं लेखी म्हणणं, यायला पाच दिवस लागले. त्यात अपेक्षित तेच होतं: गुन्हा गंभीर आहे, हत्यारं जप्त करायची आहेत, आरोपी मिळून येत नाहीत, साक्षीदारांवर दबाव आणतील. जखमीतर्फेही वकील उभे राहिले. पीडिताचं म्हणणं ऐकलंच पाहिजे हे लखीमपूर खेरी प्रकरणात, 2022 च्या जगजीत सिंह विरुद्ध आशिष मिश्रा निकालात, सर्वोच्च न्यायालयाने ठामपणे सांगितलं आहे, आणि ते योग्यच आहे.

त्या दिवशी न्यायालयाच्या व्हरांड्यात जखमीची बायको भेटली. कडेवर लहान मूल, हातात सीटी स्कॅनची मोठी पिशवी. ती कोणाला दाखवायची हे तिला कुणीच सांगितलं नव्हतं, म्हणून सकाळपासून तशीच धरून उभी होती. मला ओळखून म्हणाली, "आमचं माणूस अजून अतिदक्षतेत हाय आणि तुमी ह्यास्नी घरला ठेवाया निघालाव." मी तिला म्हणालो, ज्याने कोयता मारला तो घरी राहील असं मला वाटत नाही. पण ज्यांनी मारलं नाही त्यांची नावं यात राहिली, तर उद्या खटल्यात तुमचीच केस पातळ होईल. तिला पटलं नसणार. त्या अवस्थेत पटावं अशी अपेक्षाही नव्हती. पण मी ते तिला गप्प करायला म्हणालो नव्हतो. पाच जणांना सारखंच गोवलेल्या फिर्यादीत उलटतपासणीत दोन नावं खोटी ठरली, की साक्षीदाराच्या बाकीच्या शब्दांवरही संशय येतो, आणि त्याचा फायदा शेवटी कोयतेवाल्याला होतो. हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे.

मुलाच्या अर्जावर युक्तिवाद फार लांबला नाही. तो त्या दिवशी पुण्यात होता, महाविद्यालयाच्या हजेरीपटावर सही होती. एरवी 'मी तिथे नव्हतोच' हा बचाव खटल्यात सिद्ध करायचा असतो, जामिनाच्या अर्जात न्यायालय त्यात फारसं शिरत नाही. पण न्यायाधीशांनी तपास अधिकाऱ्यालाच विचारलं की मोबाईलचं लोकेशन काढलंय का. काढलं होतं, आणि संध्याकाळी सहा वाजून बारा मिनिटांचं टॉवर पुण्याचं होतं. केस डायरी उघडून त्यांनी ते सरळ दाखवलं. त्या अधिकाऱ्याचं मला मनापासून कौतुक वाटलं, कारण 'तांत्रिक तपास चालू आहे' असं म्हणून त्यांना वेळ मारून नेता आली असती.

तिघांचे अर्ज मंजूर झाले. पंचवीस हजारांचा जातमुचलका, तेवढ्याच रकमेचा जामीनदार, बोलावल्यावर तपासाला हजर राहायचं, फिर्यादी आणि साक्षीदारांशी कसलाही संपर्क नाही. थोरल्याचा अर्ज फेटाळला गेला, धाकट्याचाही.

थोरल्याच्या बाबतीत न्यायालयाचं चुकलं असं मी म्हणणार नाही. 307 ला जखम प्राणघातकच असली पाहिजे असं नाही, हेतू आणि त्यासोबतची कृती पाहायची, हे सर्वोच्च न्यायालयाने 1983 मध्ये महाराष्ट्रातल्याच बलराम बामा पाटील प्रकरणात सांगून ठेवलं आहे. कोयता, डोकं आणि कवटीचा तडा एकत्र आले की हेतूचा अंदाज बांधायला फार कष्ट पडत नाहीत. थोरल्याच्या खांद्यावरही मुका मार होता आणि त्याच रात्री त्याची अदखलपात्र नोंद झाली होती. आत्मसंरक्षणाचा मुद्दा मी मांडला, पण तो पुराव्यानंतर बघण्याचा विषय आहे असं न्यायालय म्हणालं. दुसऱ्याच दिवशी तो ठाण्यात हजर झाला. पोलीस कोठडीत त्याने पंचांसमोर निवेदन दिलं आणि गोठ्याच्या आढ्यात पोत्यात गुंडाळून ठेवलेला कोयता काढून दिला. पूर्वी हे पुरावा कायद्याच्या कलम 27 खाली यायचं, आता साक्ष्य अधिनियमाच्या कलम 23 च्या परंतुकात आहे.

खरा कस लागला तो धाकट्याच्या अर्जावर. त्याच्या हातात पाईप होता, हाड मोडलं होतं, भूमिका स्पष्ट होती. पण डोक्यावर त्याने मारलं नव्हतं, आधीचा गुन्हा नव्हता, आणि फिर्यादीप्रमाणेही त्याने एकच फटका मारला होता. जिवे मारायचंच होतं तर हात मोडून तो थांबला का असता, हा माझा मुद्दा. पाईप जप्त करायचा आहे, हा सरकार पक्षाचा.

आम्ही उच्च न्यायालयात गेलो. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागायची. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आणि सोलापूर त्याच्या कक्षेत आलं. म्हातारा पहाटेच्या एसटीने माझ्यासोबत आला होता. अटकपूर्व जामिनावरचा पायाभूत निकाल, 1980 चा गुरबक्ष सिंह सिब्बिया, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा. तो लिहिला सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांनी. गुन्हा गंभीर आहे एवढ्यावरून दार बंद करता येत नाही, आणि सरसकट कुठल्याही गुन्ह्यात अटक नको असा आंधळा आदेशही देता येत नाही, या दोन्ही गोष्टी त्यात आहेत. सरकार पक्षाने सुमिता प्रदीप प्रकरणाचा (2022) दाखला दिला: कोठडीत चौकशीची गरज नाही एवढं एकच कारण अटकपूर्व जामिनाला पुरत नाही, आधी प्रथमदर्शनी गुन्हा बघा. दाखला बरोबरच होता. म्हणून मी कोठडीच्या गरजेपेक्षा भूमिकेवर बोललो, आणि पाईपसाठी सुशीला अग्रवाल निकालाचा (2020) आधार घेतला. अटकपूर्व जामिनावरचा माणूस चौकशीला हजर असताना त्याच्या माहितीवरून वस्तू मिळाली तर त्या मर्यादित कारणापुरता तो कोठडीत आहे असं मानता येतं, आणि जप्तीचा पुरावा वाया जात नाही, असं घटनापीठाने त्यात मान्य केलं आहे. पाईपसाठी माणूस कोंडायची गरज नसते.

न्यायमूर्तींनी आधी अंतरिम आदेश दिला: सलग पाच दिवस सकाळी अकरा ते दोन ठाण्यात हजेरी आणि तपासाला पूर्ण सहकार्य. दुसऱ्या दिवशी पाईप मिळाला. विहिरीवरच्या मोटारीचा तुटका जीआय पाईप, रोज तिथेच पडलेला असायचा. घरून हत्यार घेऊन गेला नव्हता हे त्यातून आपोआप पुढे आलं, आणि युक्तिवादात मला त्याहून बळकट काही सापडलं नसतं. चार आठवड्यांनी आदेश कायम झाला. दोषारोपपत्र येईपर्यंत तालुक्यात पाय ठेवायचा नाही, फक्त हजेरीपुरतं यायचं. त्यामुळे त्या वर्षीची ज्वारी म्हाताऱ्याने भाड्याच्या ट्रॅक्टरने पेरली, बांधापासून चार हात जागा सोडून.

जखमी सतरा दिवसांनी घरी आला. उजव्या हातात पट्टी बसवली आहे, अजून भाकरीचा तुकडा मोडायला त्याला डावा हात लागतो, असं फिर्यादीच्या वकिलांकडून कळलं. जन्मठेपेपर्यंत शिक्षेच्या अशा गुन्ह्यात आरोपी कोठडीत असताना तपासाला नव्वद दिवस मिळतात. दोषारोपपत्र सत्त्याऐंशीव्या दिवशी आलं, आणि त्यानंतर थोरल्याला सत्र न्यायालयातून नियमित जामीन मिळाला. बाकीच्यांचे अटकपूर्व जामीन आहेत तसेच चालू राहिले. दोषारोपपत्र आलं म्हणून ते आपोआप संपत नाहीत, सर्वसाधारणपणे खटला संपेपर्यंत टिकू शकतात, हेही सुशीला अग्रवाल निकालातच आहे.

त्या दोषारोपपत्रात मुलाचं नाव नव्हतं. त्याच्याविरुद्ध पुरेसा पुरावा नाही असा अहवाल तपास अधिकाऱ्याने कलम 189 खाली दिला होता. हे 189 नागरिक सुरक्षा संहितेचं, बेकायदा जमावाचं 189 न्याय संहितेचं. आरोपी चार उरले, तेव्हा दुसरं 189 आणि त्यासोबतची 190, 191 ही गळाली. त्यांच्या जागी समान इराद्याचं 3(5) आलं. 109 आणि 118(2) मात्र जागेवर आहेत, आणि जखमीच्या जबाबात आता दोनच हात आहेत: एक कोयत्याचा, एक पाईपचा.